भामाआत्याची कवळी

भामाआत्या हसली आणि भरद्वाजच्या हातातली कॉफी हिंदकळली. तिच्या तोंडात वरखाली दात होते, पांढरेशुभ्र. पोंगलला शूटिंग झालं तेव्हा एकही नव्हता.

भरद्वाज सिनेमे स्वतःच लिहायचा, स्वतःच दिग्दर्शित करायचा आणि बहुधा स्वतःच बघायचा. हा तिसरा, पाच वर्षं रखडलेला. तंजावुरातल्या एका म्हातारीची गोष्ट. म्हातारी म्हणून सख्खी आत्याच घेतली होती, कारण तिच्या बोळक्यावर कॅमेरा लावला की संवाद लिहावे लागत नसत. निम्मा सिनेमा झाला होता. उरलेला उद्यापासून.

"आत्या, शूटिंगपुरती काढ ना कवळी."

"का काढू? मुरुक्कू खाते मी आता, चकलीसारखा कडक मुरुक्कू!"

"अगं, सिनेमात सकाळी तुझा नवरा वारला. संध्याकाळी दात कुठून आले?"

"ते तू लिही. लिहिणारा तू का मी?"

त्याने वही उघडली, 'त्याच संध्याकाळी' खोडून 'सहा महिन्यांनी' केलं आणि दवाखान्याचा एक प्रसंग घातला. आत्याचे दात बसवणाऱ्या डॉक्टर सूर्यनारायणांनी दवाखाना लगेच देऊ केला. मात्र डॉक्टरचं काम ते स्वतःच करणार होते. "माझ्या पेशंटच्या तोंडात दुसऱ्याने हात घातलेला मला चालायचा नाही."

प्रसंग मूक होता. म्हातारी आरशात बघते, एवढंच. कॅमेरा सुरू झाला आणि डॉक्टरांनी हिरड्यांची निगा समजावायला घेतली. भरद्वाज "कट" म्हणाला, ते थांबले नाहीत. आत्याही विधवापण विसरली.

"डावीकडे टोचतेय हो, डॉक्टर."

त्यांनी तिथल्या तिथे कवळी काढली, घासली, पुन्हा बसवली. कॅमेरा चालवणारी हरिता हसू दाबत होती, त्यामुळे चित्रही हलत होतं.

नऊ वेळा पुन्हा घेतलं. दर वेळी डॉक्टरांना नवा विकार आठवला. शेवटी उजेड गेला, आणि थकलेल्या भरद्वाजने पहिलाच टेक ठेवला.

चेन्नईच्या महोत्सवात प्रेक्षक तासभर जांभया देत होते. दवाखाना आला आणि सगळं सभागृह हसून हसून लोळलं. खेळ संपल्यावर एक बडे दिग्दर्शक गर्दीतून वाट काढत आले आणि त्यांनी भरद्वाजचे दोन्ही हात धरले. अकरा वर्षं तो या क्षणाची वाट पाहत होता.

"तो दातांचा डॉक्टर कोण हो? नंबर द्या ना त्याचा."

भरद्वाजने दिला.

दोन महिन्यांनी त्याची दाढ ठणकू लागली. गाल धरून तो दवाखान्यात गेला, तर खुर्ची रिकामी.

"डॉक्टर शूटिंगला गेलेत," टेबलाशी बसलेली नित्या म्हणाली. "परवा येतील. नाव लिहून ठेवते. काम काय करता?"

भरद्वाजने गाल आणखी घट्ट धरला.

"दाढ दुखते," तो म्हणाला.