मांजरांचं पाणी आणि मास्तरांच्या मिशा

"पाणी गोठतं म्हणजे काय? गोठू दिलं तर गोठतं," असं वस्फी मास्तर चहाच्या दुकानात म्हणाले, आणि साखरेचा खडा दातात धरून त्यांनी असा ऐटीत घोट घेतला, जणू तुर्कस्तानातल्या त्या एर्झुरुम गावची थंडी म्हणजे त्यांच्याच वर्गातली मागच्या बाकावरची कुणी मठ्ठ पोरगी होती.

मास्तरांनी आयुष्यभर विज्ञान शिकवलं होतं. निवृत्त झाले तरी शिकवणं सुटलं नव्हतं, फक्त आता वर्गाऐवजी गिऱ्हाइकं असत. विषय निघाला होता मोहल्ल्यातल्या मांजरांचा. तिथे प्रत्येक दारात मांजरांसाठी पाण्याचं वाडगं असतं, आणि हिवाळा लागला की प्रत्येक दारात बर्फाचं वाडगं असतं. मास्तरांच्या दारी रोज पाशा नावाचा एक कानतुटका, म्हातारा बोका यायचा. मास्तरांच्या बायकोने, नेबाहतबाईंनी, टाकलेली मटणाची चरबी खायचा, मग वाडग्यातल्या बर्फाकडे बघायचा, मग मास्तरांकडे बघायचा. ती नजर मास्तरांच्या जिवाला लागली होती. आपण एवढे शिकलेले, आणि एका बोक्याला घोटभर पाणी देऊ शकत नाही, याची त्यांना मनापासून लाज वाटत होती.

मास्तरांच्या घरासमोर जेलाल न्हाव्याचं दुकान होतं. तो म्हणाला, "मास्तर, इथे शेगडीवरून उतरवलेली किटली दारापर्यंत नेईस्तोवर तिचं आइस्क्रीम होतं. मांजरांचं राहू द्या."

झालं. मास्तरांनी ग्लास खाली ठेवला. "या शुक्रवारी जुम्म्याची नमाज सुटली की सगळ्यांनी माझ्या दारी यायचं. वाडग्यातलं पाणी हललं नाही, तर या मिशा उतरवीन. आणि त्याही तुझ्या वस्तऱ्याने!"

दुकानात चमचेसुद्धा वाजायचे थांबले. मास्तरांच्या मिशा म्हणजे साध्यासुध्या मिशा नव्हत्या. पांढऱ्याशुभ्र, दाट, आणि टोकांना अशा वळलेल्या की त्यांच्याकडे बघूनच पोरांना पाढे आठवत. त्या मिशांना त्यांनी कधी न्हाव्याचा हात लागू दिला नव्हता. घरी आरशासमोर बसून स्वतःच्या कात्रीने त्या नीट करायचे. समोरच्याच दुकानातून हे सगळं खिडकीतून दिसत असल्यामुळे जेलाल वर्षानुवर्षं आतल्या आत जळत होता. आता त्याच्या डोळ्यांत जी चमक आली, ती मास्तर सोडून सगळ्यांना दिसली.

पहिला प्रयोग मिठाचा. खारं पाणी उशिरा गोठतं, हे मास्तरांनी किती पिढ्यांना शिकवलं होतं! पाणी खरंच गोठलं नाही. पाशाने नाक लावलं, दोनदा शिंकला आणि पाठ फिरवून निघून गेला. नेबाहतबाईंनी खिडकीतून विचारलं, "अहो, मांजरांना पाणी द्यायचंय की त्यांचं लोणचं घालायचंय?"

मग वाडगं लोकरीच्या जुन्या रजईत गुंडाळून खोक्यात ठेवलं. मोहल्ल्यातल्या मांजरांना ही सोय फारच आवडली. त्यांनी वाडगं बाहेर ढकललं आणि रजईवर ताणून दिली. मग मास्तरांनी वाडग्याखाली शेगडीतली तापलेली वीट ठेवली, कागदावर आकडेमोड केली, आणि पाणी दुपारपर्यंत टिकणार असं जाहीर केलं. ते जेवायला आत गेले, हात पुसत बाहेर आले, तर वाडग्यात दगडासारखा बर्फ. वीट मात्र अजून गरम होती. बर्फ वर आणि गरम वीट खाली, हे कुठल्याच पुस्तकात बसत नव्हतं. मास्तरांनी पुन्हा आकडेमोड केली. गणित बरोबर होतं, पाणीच चुकत होतं.

दुसऱ्या दिवशी ते पहाऱ्यालाच उभे राहिले. उभं राहून राहून पाय बधिर झाले, मिशांच्या टोकांना बर्फाचे झुबके लटकले. एकदाच काय ते मोरीला जायला म्हणून आत गेले, आणि परत येतात तो पाण्याचा पुन्हा दगड! वाडग्याच्या निळ्या काठावरचा टवका काल डावीकडे होता, आज उजवीकडे दिसतोय असं त्यांना वाटलं. पण तोवर त्यांना ताप भरला होता, म्हणून तो विचार त्यांनी तापाच्या खाती टाकला.

शुक्रवारी सकाळी मास्तर अंथरुणातच होते. अंगावर सगळ्या रजया, घसा बसलेला, दाढ ठणकत होती म्हणून नेबाहतबाईंनी हनुवटीखालून डोक्यावर फडकं घट्ट बांधलेलं. तशाही अवस्थेत त्यांना शोध लागला. लहान भांड्यातलं पाणी लवकर निवतं, मोठ्या भांड्यातलं निवत नाही. दारात मोठा हंडा पेटत्या लाकडांवर ठेवायचा आणि त्यातलं पाणी वाडग्यात ओतत राहायचं! आणि मोठा हंडा मोहल्ल्यात एकच होता, मशिदीतला.

"अहो, तो हंडा?" नेबाहतबाईंना कसंसंच झालं. तो तांब्याचा हंडा मशिदीतून एकाच कामासाठी बाहेर पडायचा. कुणाच्या घरी मयत झाली, की त्याच्या शेवटच्या आंघोळीचं पाणी त्यात तापायचं.

"तांब्याला काय कळतंय आंघोळ कोणाची ते?" मास्तर फडक्यातून पुटपुटले, आणि तापात ते एवढे हट्टाला पेटले की बाई शेवटी गेल्या.

मशिदीची देखभाल तौफिक करायचा. मांजरांसाठी हंडा हवाय म्हटलं तर तो दारातूनच परत पाठवेल हे बाईंना ठाऊक होतं, म्हणून त्या काहीच बोलल्या नाहीत. नुसतं हंड्याकडे बोट दाखवलं. झोंबऱ्या वाऱ्याने त्यांच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं. तौफिक हा तसा भला माणूस. रडणाऱ्या बाईला प्रश्न विचारू नयेत एवढं त्याला कळत होतं. त्याने खालच्या आवाजात इतकंच विचारलं, "वहिनी, मास्तर?" मास्तरांनीच धाडलंय ना, असं तो विचारतोय असं समजून बाईंनी मान हलवली. तौफिकने डोळे मिटले, आणि हंडा स्वतःच्या खांद्यावर घेऊन घरापर्यंत पोचवून दिला. लाकडंही त्यानेच रचून दिली. किती सोज्वळ माणूस, असं बाईंना वाटलं.

बाईंनी जाळ केला, पाणी तापल्यावर थोडं वाडग्यातही ओतलं. मास्तरांचे पहाऱ्यात भिजून कडक झालेले बूट त्यांनी सुकायला दाराबाहेर, जाळाच्या कडेला ठेवले. आता, मेलेल्या माणसाचे बूट दाराबाहेर ठेवायचे ही तिथली जुनी रीत. बाईंना ती माहीत नव्हती असं नाही. पण आपला नवरा आत घोरत असताना कोणाला रीत आठवते?

थोड्या वेळाने मशिदीच्या भोंग्यावरून तौफिकचा आवाज आला. वाऱ्याने नाव कुठल्या कुठे उडवून नेलं, एवढंच ऐकू आलं की अमक्याची मयत जुम्म्यानंतर उठेल. कोण गेलं बिचारं, असं म्हणत नेबाहतबाईंनी, शेजारधर्म म्हणून, त्या घरी नेण्यासाठी कढईत लोणी टाकून कणीक भाजायला घेतली. मयतीचा हलवा भाजण्याचा तो खमंग वास मास्तरांच्या घरातून निघून सगळ्या गल्लीत पसरला. दारात हंडा, हंड्याशी बूट, आणि घरातून हलव्याचा वास. यानंतर डॉक्टरच्या दाखल्याची कोणाला गरज वाटणार होती?

नमाज सुटली. वाडगं बघायला बोलावलेली माणसं रुमालाला डोळे पुसत आली. बाईंना वाटलं, लोक पैजेसाठी आलेत. "या, या, आत या," त्या स्वयंपाकघरातून म्हणाल्या, "मास्तर आत पडलेत. पाणी तापलंय, तुम्हीच घ्या बघून." बाईंचा धीर बघून दोन म्हातारे दारातच रडले. तौफिकने जळती लाकडं बाजूला ओढली, आणि माणसांनी हंड्यातलं गरम पाणी बादल्यांनी आत न्यायला सुरुवात केली.

मास्तर गाढ झोपेत होते. मयताची बांधतात तशी हनुवटी फडक्याने बांधलेला तो चेहरा बघून खोलीत हुंदके सुरू झाले. सगळ्यात आधी जेलाल पुढे झाला, पलंगापाशी गुडघे टेकून बसला आणि हमसाहमशी रडायला लागला. त्या आवाजाने मास्तरांना जाग आली, पण पापण्या एवढ्या जड होत्या की उघडेनात.

"मास्तर, तुमचा माझ्यावर जो हक्क असेल तो सोडून द्या," जेलाल म्हणाला. मयत उठण्याआधी माणसं अशी माफी मागतात. "ते वाडगं मी बदलत होतो. तसंच दुसरं माझ्या परसात गोठवून ठेवलं होतं. तुम्ही आत गेलात की पळत यायचो. मला तुमच्या मिशांचा मोह झाला हो, मास्तर. हक्क सोडा."

रजयांच्या आतून घोगरा आवाज आला, "सोडत नाही."

पुढचं सगळं एकदमच घडलं. मास्तर उठून बसले, तौफिक बादलीत बसला, ज्यांच्या हातात पाणी होतं त्यांच्या हातात ते राहिलं नाही, आणि दोन्ही म्हातारे वयाला न शोभणाऱ्या वेगाने खिडकीबाहेर गेले. त्या गोंधळात नेबाहतबाई हलव्याची कढई घेऊन आल्या आणि त्यांनी विचारलं, "गेलं तरी कोण?"

सगळा उलगडा होईपर्यंत बराच वेळ गेला. मास्तरांचा ताप मात्र पळाला होता. त्यांच्यातला शिक्षक जागा झाला. गणित बरोबर होतं, विज्ञान बरोबर होतं, खोटा होता तो न्हावी! रजई पांघरूनच ते सगळ्यांना दारात घेऊन गेले, वाडग्याकडे हात केला आणि म्हणाले, "आता बघा."

सगळ्यांनी बघितलं. जाळ विझून गेला होता. हंडा रिकामा होता, कारण त्यातलं सगळं पाणी आता मास्तरांच्या पलंगावर आणि तौफिकच्या विजारीत होतं. तौफिकने वाकून वाडग्यावर टिचकी मारली. टण्ण.

सगळ्यांनी माना खाली घातल्या. जेलालसुद्धा जमिनीकडेच बघत राहिला. या वेळी त्याने काहीच केलं नव्हतं. वाडगं आपलं आपण, प्रामाणिकपणे गोठलं होतं.

मास्तरांना आपल्या मिशांपेक्षा पाशाचं जास्त वाईट वाटलं. ते जेलालला म्हणाले, "मिशा ने. शब्द दिलाय. पण त्यांच्यासाठी मुक्या जिवांना आठवडाभर तहानलेलं ठेवलंस?"

"तहानलेलं?" जेलालने मान वर केली. "मास्तर, तुमच्याकडे ती जेवायला येतात. पाणी पितात माझ्याकडे. शेगडीजवळ दाढीच्या पाण्याचं तसराळं आहे ना, त्यातलं. सगळा हिवाळा पितात."

फडकं तसंच हनुवटीला, रजई तशीच खांद्यावर, असे रस्ता ओलांडून मास्तर आयुष्यात पहिल्यांदा जेलालच्या दुकानात शिरले. शेगडीभोवती मोहल्ल्यातली मांजरं पसरली होती. तसराळ्यातून वाफ येत होती, आणि त्यावर वाकून पाशा लपलप पाणी पीत होता. जेलालने वस्तरा परजला, ब्रश घेतला, तसराळ्याकडे पाहिलं, आणि ब्रश परत खाली ठेवला.

"बसा जरा, मास्तर," तो आदराने म्हणाला. "त्यांचं होऊ द्या."

मास्तर बसले. पाशा पोटभर प्यायला. मग त्याने आपल्या मिशा दोन्ही पंजांनी, अगदी सावकाश, एकेक करून साफ केल्या, आणि मास्तरांकडे बघितलं.