न वाचलेला दुसरा खंड

आमच्या ग्रंथालयात पुस्तक परत करताना अभिप्राय-पत्रक भरून द्यावं लागतं, आणि गेली एकोणीस वर्षं पुस्तक वाचून ते भरणारा मी बहुधा एकटाच सभासद आहे.

माझी मतं स्पष्ट असतात. चरित्रातली पहिली साठ पानं नायकाच्या आजोबांवर खर्च होत असतील, तर सरळ आजोबांचंच चरित्र लिहावं. नाटक मनातल्या मनात वाचू नये. मी सगळ्या भूमिका मोठ्यानं करतो, आणि खलनायक आला की बायको स्वयंपाकघराचं दार लावून घेते. माहितीपर पुस्तकांबद्दल एवढंच म्हणेन, की मधमाश्यांवर चारशे पानं लिहिणाऱ्यानं एक तरी डंख सोसलेला असावा.

गेल्या महिन्यात मी दीपगृहाच्या एका रखवालदाराच्या चरित्राचा पहिला खंड संपवला. शेवटच्या पानावर वादळ सुटलंय, दिवा विझलाय, समोरून जहाज येतंय आणि हा गडी काडेपेटी चाचपत जिना चढतोय. तिथंच खंड संपतो. मला दोन दिवस जेवण गोड लागेना. तिसऱ्या दिवशी दुसरा खंड मागायला गेलो.

"तो मिळणार नाही," ग्रंथपालबाई म्हणाल्या. "निर्लेखन यादीत आहे. शनिवारी रद्दीत जाईल."

"का?"

"दहा वर्षांत त्यावर एकही अभिप्राय नाही. नियम सात."

"मग द्या मला. वाचतो आणि अभिप्राय लिहितो."

"यादीतलं पुस्तक घरी देता येत नाही. नियम आठ."

"इथंच बसून वाचतो."

"कपाटातून काढायला मागणी लागते. मागणी अभिप्रायांवरून ठरते."

"आणि अभिप्राय कशावरून ठरतो?"

बाईंनी चष्मा पुसला. "तसं नियमांत काही नाही. 'पुस्तक वाचले काय' असा रकाना आहे का पत्रकात? बाकीचे सभासद भरतातच की. तुम्हीच एक वाचत बसता आणि उशीर करता."

घरी येऊन मी बायकोला म्हटलं, असला खोटेपणा माझ्याच्यानं होणार नाही.

"नका करू," ती म्हणाली. "तुमची तत्त्वं सांभाळा. तो बिचारा मात्र कायमचा जिन्यातच राहील."

शुक्रवारी मी पत्रक भरलं. लाज वाटली, पण लिहिलं : 'पहिल्या खंडापेक्षा सरस. मधला भाग विशेष. शेवट चटका लावून जातो.'

पुस्तक रद्दीतून वाचलं. माझ्या एकोणीस वर्षांच्या अभिप्रायांकडे कुणी ढुंकून पाहिलं नव्हतं. हा मात्र दर्शनी फलकावर लागला. आठवड्याभरात खंडाला चाळीस जणांची मागणी आली आणि मी एक्केचाळिसावा ठरलो. म्हटलं, आता वर्षाची निश्चिंती. पण लोक पुस्तक नेत आणि दोन तासांत परत करत. बाराव्या दिवशी खंड माझ्या हातात पडला. सोबतच्या चाळीसही पत्रकांवर एकच मत होतं : मधला भाग विशेष.

मी अधाशासारखा वाचायला बसलो. रखवालदार सोळा पायऱ्या चढला, खिशात हात घातला, आणि पुढची चोवीस पानं कोरी. छापखान्याची चूक. त्यानंतर एकदम त्याची मुलगी म्हातारी झालेली.

मी तडक ग्रंथालयात गेलो. "बाई, याचा मधला भागच नाहीये."

"अशी तक्रार घेता येणार नाही," बाई शांतपणे म्हणाल्या. "चाळीस सभासदांना तो आवडलाय. आणि सगळ्यांत आधी तो तुम्हालाच आवडला होता."

हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच. जहाजाचं काय झालं, मला अजून ठाऊक नाही.

ही हकिकत हल्ली मी भेटेल त्याला सांगतो. सगळे पोटभर हसतात, न वाचता मत देणाऱ्यांना नावं ठेवतात आणि जाता जाता म्हणतात, "पुस्तक मात्र चांगलं आहे हं." पुस्तकाचं नाव आजवर एकानंही विचारलेलं नाही. तुम्हीही विचारलं नाहीत. वाचलेलंच असणार म्हणा.