मिस हालिनांची नवी आजी

मिस हालिना लिफ्टमध्ये कुणाशी बोलत नसत. बोलायचा तो त्यांच्या हातावर चढवलेला कापडी कोल्हा. "सलाम हबीबी, तिसरा मजला!" असं तो फर्मावायचा आणि माझे बाबा मुकाट्याने बटण दाबायचे. "साइटवर फोरमन सलाम करत नाही, कोल्हा तरी करतो," असं ते घरी येऊन आईला सांगत.

आखातातल्या अल कुसैसच्या आमच्या बिल्डिंगमध्ये त्या एकट्याच राहत. मूळच्या पोलंडच्या. इथल्या एका शाळेत मुलांना बाहुल्या करायला आणि नाचवायला शिकवत. आमच्या घरात कॉलेजला जाणारी मी पहिलीच. इंग्रजी बोलताना अडखळायचे, म्हणून सरावासाठी त्यांच्याकडे जाऊ लागले. त्यांचंही इंग्रजी माझ्याइतकंच मोडकं, त्यामुळे कुणाला कुणाची लाज नव्हती. माझं इंग्रजी किती सुधारलं, नक्की सांगता येणार नाही. इंग्रजीसोबत बाहुल्याही आल्या; पहिले आठ दिवस त्यांनी मला बाहुलीच्या दोऱ्या हलकेच वर-खाली करून तिचा फक्त श्वास दाखवायला लावला. मी तिचा हात उचलला की ओरडत, "आधी श्वास! श्वास न घेता हलते ती लिफ्ट!"

त्या वर्षी त्यांचा उजवा हात थरथरू लागला. दोऱ्या धरल्या की खाली खेळातल्या राजकन्येच्या बाहुलीला हुडहुडी भरे. शाळेचा वार्षिक समारंभ जवळ आला होता आणि मुख्याध्यापिका पहिल्या रांगेत बसणार होत्या.

"तिला दिसलं की नोकरी खलास. नोकरी खलास की व्हिसा खलास," मिस हालिना म्हणाल्या.

"मग पोलंडला...?" मी चाचरत विचारलं.

"तिथे स्टेशनवर घ्यायला येईल असं कुणी उरलं नाही."

"दोऱ्या मी धरू का?"

त्यांनी मला नीट न्याहाळलं. "तुझी बाहुली अजून श्वास घेत नाही."

दुसऱ्या दिवशी गेले तर राजकन्येच्या डोक्यावर पांढऱ्या लोकरीचे केस, पाठीला कापसाचं पोक.

"गोष्ट बदलली. राजकन्या म्हातारी झाली."

"एका दिवसात?"

"लग्न केलं असेल."

समारंभात आजी काठी टेकत, लटलटत रंगमंचावर आली आणि मुलं हसून लोळली. खेळ संपल्यावर मुख्याध्यापिका मागे आल्या. "काय हुबेहूब थरथर! पुढच्या वर्षीही हीच आजी हवी." त्यांची पाठ वळताच मिस हालिनांनी मला डोळा मारला.

मी पडदे काढायला घेतले. दोऱ्या अजून त्यांच्याच हातात होत्या, खाली आजी उभी. तेवढ्यात केजीतली एक मुलगी वर चढली आणि तिने आजीचा लाकडी हात दोन्ही हातांत धरला.

"ग्रँडमा, आर यू कोल्ड?"

हॉलचा एसी खरंच फार गार होता. बाहुलीला परक्याने हात लावलेला मिस हालिनांना मुळीच खपत नसे. मुलीला बाजूला घ्यायला मी पुढे झाले. त्यांनी मानेनेच मला थांबवलं.

"थोडीशी," आजीच्या आवाजात त्या म्हणाल्या.

मुलीने तो हात आपल्या स्वेटरच्या खिशात घालून घेतला. बाहेर शाळेची बस हॉर्न देत होती. आम्ही तिघीही जागच्या हललो नाही.