तायडे सर नाव ठेवतात

तायडे सर भेटलेल्या माणसाला आधी लॅटिनमध्ये बसवतात आणि मग खुर्चीवर.

मालेगावच्या बसस्टँडवर कुणी नवीन ओळख करून देऊ लागला, की सर त्याचं नाव विचारतात, क्षणभर वर बघतात आणि म्हणतात, "गजानन ना? म्हंजे तुमच्या नावाचा किडा निघाला तं तो गजाननाय होईन." माणूस गोंधळतो. सर समजावून सांगतात, "किड्याच्या शास्त्रीय नावात मानसाच्या नावाले शेवटी आय लावा लागते, बाईच्या नावाले ए-ई. साऱ्या दुनियेत हाच कायदा हाये, जी." समोरच्याच्या डोक्यात हे शिरेपर्यंत सर दुसऱ्या बाकाजवळ पोचलेले असतात.

आमच्या कनिष्ठ महाविद्यालयात ते जीवशास्त्र शिकवतात, मी मराठी. शिवाय आमची घरं एका भिंतीची. त्यामुळे दिवसभर स्टाफरूममध्ये येरझारा घालणारे सर संध्याकाळी भिंतीपलीकडे घालतात, एवढाच फरक. चहा ते उभ्यानं पितात. वर्गात बाकांमधून इतके फिरतात, की मागच्या बाकावर बसण्यात काही फायदा नाही हे पोरांना पहिल्याच आठवड्यात कळतं. माझी आई म्हणते, "या मानसाले देवानं पाय देल्ले, बूड द्याचं राहून गेलं."

सरांचं खरं वेड कोळ्यांचं. तेही जाळ्यात आरामात बसून राहणाऱ्या कोळ्यांचं नाही. उड्या मारत शिकार करणाऱ्या, कधी एका जागी न थांबणाऱ्या कोळ्यांचं. खिशात प्लास्टिकच्या बारक्या डब्या आणि गळ्यात भिंग. मोटारसायकल माझी असली तरी ती कुठे थांबायची ते सर ठरवतात. पाठीवर थाप पडते, "रोक, राऊत, रोक," आणि गाडी पुरती थांबायच्या आत मागची सीट हलकी होते.

एकदा किन्हीराजा या गावी एका सहकाऱ्याच्या घरभरणीला निघालो होतो. सर नव्या पॅन्टवर एका तुरीच्या वावरात शिरले आणि धुऱ्यावरच्या, म्हणजे बांधावरच्या, दगडांपाशी पालथे पडले. वावराचा मालक काठी घेऊन आला.

"काय पाहून राह्यले जी आमच्या वावरात?"

"कोयी," सर पडल्या पडल्या म्हणाले. आमच्या बोलीत कोळ्याला हेच म्हणतात.

"कोयी? मंग इथं कायले पडता? माह्या घरी चाला. आंब्याच्या पोतंभर नेजा."

सरांनी मान वर करून त्याचं नाव विचारलं. महादेव, म्हणाला. महादेवाय कसं होतं आणि त्या नावाचा कोळी जगाच्या पाठीवर कुठेही गेला तरी महादेवायच कसा राहतो, हे सरांनी त्याला सांगितलं. थोड्या वेळानं काठी बांधावर पडली होती आणि महादेवभाऊ दगड उलटे करून देत होते. घरभरणीचं जेवण आटोपल्यावर आम्ही पोचलो.

सरांना स्वतःच्या नावाचा कोळी हवा आहे, असं गावात सगळेच धरून चालले होते. मीही. कुणी चिडवलं की सर गंभीरपणे सांगत, "सोताचं नाव सोता ठेवत नसते. वाईट दिसते ते. दुसऱ्यानं ठेवा लागते." यावरून आमची खात्रीच पटली, की ते त्या दुसऱ्याची वाट पाहत आहेत.

पुण्यात कोळ्यांचे एक अभ्यासक आहेत. सर त्यांना 'डॉक्टर' म्हणतात. आपल्याला न ओळखता आलेले कोळी सर त्यांच्याकडे पाठवतात आणि उत्तर येईपर्यंत स्वतः जेवत नाहीत नीट, आम्हालाही जेवू देत नाहीत. बहुतेक वेळा उत्तर येतं, की हा आधीच माहीत असलेला आहे. पण महादेवभाऊंच्या धुऱ्यावरचा कोळी गेला, बरेच महिने तपासला गेला, आणि एका दुपारी स्टाफरूममध्ये सरांचा फोन वाजला.

सर ऐकत ऐकत दारातून बाहेर गेले, मैदानाला वळसा घालून दुसऱ्या दारानं आत आले. "नवा हाये," म्हणाले. "दुनियेत कोनीच त्याले नाव देल्लं नाई अजून. डॉक्टर म्हनते, तुमचंच नाव देतो. तायडेआय."

आम्ही टाळ्या वाजवल्या. प्राचार्यांनी पेढे मागवायला माणूस धाडला. सर मात्र खिडकीशी जाऊन उभे राहिले, तिथून कपाटाशी, पुन्हा खिडकीशी.

"मी डॉक्टरले म्हनलं, थांबा जरा," ते म्हणाले. "नाव मी सांगतो."

झालं. ही बातमी संध्याकाळच्या आत मालेगावभर पसरली आणि सगळं गाव सरांसारखंच येरझारा घालू लागलं. प्राचार्यांना निवृत्ती जवळ आल्याची आठवण झाली. त्यांनी सरांना खोलीत बोलावून विचारलं, "तायडे, कोळीच आहे का? पाखरू-बिखरू नाही?" आमच्या भागातल्या एका पुढाऱ्याचे कार्यकर्ते गाडी करून आले. भाऊंचं नाव द्या, मोठा कार्यक्रम घेऊ, म्हणाले. सरांनी शांतपणे त्यांना सांगितलं, की या जातीत मादी कधी कधी नराला खाते. कार्यकर्त्यांनी एकमेकांकडे पाहिलं. भाऊंच्या घरची परिस्थिती त्यांना ठाऊक असावी. ते चहा न घेताच गेले.

माझी आई म्हणाली, "बायकोचं नाव देईन तो, पाह्यजो." सरांच्या बायकोनं, कांतावहिनींनी, ते ऐकलं. "नोको बापा, आत्या," त्या म्हणाल्या. "मी रोज झाडू घेऊन कोयष्टकं काढतो, अन् माह्याच नावाचा कोयी?" हसल्या, पण आत जाताना पदर उगाच दोनदा नीट केला.

सर कुणालाच काही सांगत नव्हते. शिकवताना मधेच थांबत. माझ्या गाडीवर बसले तर "रोक" म्हणत नव्हते, आणि मलाच चुकल्यासारखं वाटे. डॉक्टरांचे फोन येत होते. लेख तयार होता, फक्त नावाची जागा रिकामी होती. भिंतीपलीकडून पावलांचा आवाज येई, मग वहिनींचा दबका आवाज, मग पुन्हा पावलं.

एका रविवारी दुपारी वहिनींनी भिंतीवरून हाक मारली. "राऊतभाऊ, जरा या इकडे. तुमी मराठीवाले हा. यायले एक वाक्य लिहाचं हाये, ते काई जमून नाई राह्यलं."

मी गेलो. टेबलावर कोरा कागद होता. सर अंगणात बोरीच्या झाडाभोवती फिरत होते.

"नाव कळवलं सकाळी," ते फिरता फिरता म्हणाले. "आता डॉक्टर म्हनते, ज्या मानसाचं नाव देल्लं तो कोन, ते एका वाक्यात द्या. छापा लागते ते."

"नाव काय कळवलं?"

सर झाडामागे गेले. वहिनी बोलल्या.

"सुजाता."

मला कुणी सुजाता आठवेना. कॉलेजात नाही, आमच्या गल्लीत नाही. तायड्यांना मूलबाळ नाही, हे तर आम्ही इथे राहायला आल्यापासून सगळ्यांना ठाऊक होतं.

"कोण सुजाता?" मी विचारलं.

"आमची पोरगी," वहिनी म्हणाल्या. "आमी रिठद गावाले राहत होतो तवा झाली. लई रडे. यायनं खांद्यावर घेऊन चालत राह्यलं का झोपे, थांबले का उठे. मंग हे चालतच राहत. नाव आमी दोघानं ठरवलं होतं, पन कोनाले सांगतलं नोतं. बारशाच्या दिवशी बुद्धवंदना घेऊ, मंग साऱ्याइच्या समोर सांगू, असं होतं. बारशाच्या आधीच गेली."

अंगणात सर थांबले होते.

"बिनानावाची गेली, राऊत," ते तिथूनच म्हणाले. "दवाखान्यातल्या कागदावरबी माहंच नाव होतं, तायडेची मुलगी म्हनून. लोकायनं दोन-चार दिवस इचारलं, मंग इसरले. काय म्हनून याद ठेवतीन? माह्या नावाचं काय, मले हाका मारनारे लई हायेत. तिले कोनी हाक नाई मारली." मग म्हणाले, "या कामात एकदा छापलं का कोनी पुसू शकत नाई. कोनीच नाई."

मी कागद ओढला. मराठी शिकवत इतकी वर्षं गेली, पण त्या वाक्यापाशी माझाही पेन अडला. 'दिवंगत' लिहिलं, खोडलं. 'स्मरणार्थ' लिहिलं, तेही खोडलं. शेवटी वहिनीच म्हणाल्या, "कायले घोयता शब्द? लिहा, सुजाता ही कांता अन् उत्तम तायडे यायची मुलगी. बस."

तेवढंच लिहिलं. डॉक्टरांनी त्याचंच इंग्रजी केलं. पुढे त्यांनी काहीही विचारलं नाही.

लेख छापून आला त्या सकाळी प्राचार्यांनी सत्काराचं काढलं. सरांनी रजा टाकली. मी घरीच होतो. दार वाजलं. बाहेर कांतावहिनी, नवं पातळ नेसलेल्या, आणि त्यांच्यामागे हातात मोठं भगुणं धरून सर. भगुण्यात उकडलेल्या गहू-हरभऱ्याच्या घुगऱ्या होत्या. आमच्याकडे बारशाला वाटतात त्या. वहिनींनी वाटी भरून आईपुढे धरली.

आईला मी काहीच सांगितलं नव्हतं. तिनं वाटीकडे पाहिलं, मग वहिनींच्या तोंडाकडे बराच वेळ पाहत राहिली. मग बारशाच्या घुगऱ्या घेताना जे विचारतात तेच तिनं विचारलं.

"काय नाव ठेवलं बाई पोरीचं?"

"सुजाता," वहिनी म्हणाल्या.

"चांगलं नाव हाये," आई म्हणाली. घुगऱ्या काढून घेतल्या, वाटी रिकामी देऊ नये म्हणून तिच्यात साखर घातली आणि वहिनींच्या हातात दिली.

सर फाटकाशी पोचले होते.

"चाल वं, कांता," ते म्हणाले. "पुरी गल्ली राह्यली अजून."