अथेन्सला गेलेल्या गौरी

नवऱ्याच्या मित्राची, कुमारची बॅग विमानकंपनीने चुकून अथेन्सला पाठवली, हे फोनवर कळलं तेव्हा वसुधा पुरण वाटत होती. बॅगेत कुमारचे कपडे होते, त्याचं तिला काही नव्हतं. पण त्याच बॅगेत सासूबाईंनी पुण्याहून त्याच्याबरोबर दिलेले घराण्यातले गौरींचे मुखवटे होते आणि दुसऱ्या दिवशी अख्खं शुगर लँड गाव ते बघायला येणार होतं. अख्खं म्हणजे मराठी मंडळातल्या बायका. वसुधाच्या लेखी शुगर लँडची वस्ती तेवढीच होती.

खरं तर मुखवट्यांवाचून काही अडलं नसतं. १९८६ साली टेक्ससमध्ये गौरी मिळेल त्यातून उभ्या राहत. कुणी नारळाला डोळे काढी, कुणी फुग्यावर कागद चिकटवी. पंचांग काहीही म्हणो, त्या शनिवारीच येत, कारण एरवी सगळ्यांना ऑफिस असे. पण गेल्या वर्षी मंडळाच्या अध्यक्ष पद्मिनीकाकूंनी कागदी ताटल्यांवर चेहरे रंगवले होते, तेव्हा वसुधा चारचौघींत म्हणाली होती की आम्ही बाई ताटलीवर नाही भागवत, आमच्या पुण्याहून येतील. काकू नुसत्या गोड हसल्या होत्या. आता ताटल्या रंगवायच्या म्हणजे आपलं नाक आपणच कापून काकूंच्या हातात द्यायचं.

तिचा नवरा गिरीश तेलकंपनीत इंजिनिअर होता. प्रश्न आला की तो गाडी काढून दुकानात जाई. तासाभराने तो प्लॅस्टरची दोन पांढरीशुभ्र शिरं घेऊन आला. हायवेवर बागेतली कारंजी आणि पुतळे विकणाऱ्याकडे सेल लागला होता. चेहरे बायकांचे होते, शांत होते, नाकं सरळ होती. एकीच्या डोक्यावर शिरस्त्राण होतं, पण ते पदराखाली जाईल असं गिरीशचं म्हणणं पडलं. कोऱ्या डोळ्यांत त्याने मार्करने बुबुळं काढली. वसुधाने साड्या नेसवल्या, नथी चिकटवल्या आणि मंगळसूत्र हातात घेतलं. एवढ्यात लेक दीपा शाळेतून आली. सहावीतल्या ह्या मुलीला त्या महिन्यात ग्रीक देवदेवता शिकवत होते.

"मॉम, दॅट्स अथीना," ती म्हणाली. "शी नेव्हर मॅरीड. तिने शपथ घेतलीय."

"आता झालं लग्न," वसुधाने मंगळसूत्र घालून टाकलं. "आणि ही दुसरी?"

"अ‍ॅफ्रोडायटी. शी इज मॅरीड, पण तिचे बॉयफ्रेंड्स..."

"पुरे. तिलाही घाल."

दीपाने आणखी एक बजावलं. ह्या दोघींच्या मध्ये सफरचंद ठेवायचं नाही. पूर्वी एका सफरचंदावरून त्यांची जुंपली होती आणि त्यातून मोठं युद्ध पेटलं होतं. वसुधाने मुलीला गप्प केलं, पण नैवेद्याच्या ताटातली सफरचंदं उचलून केळी ठेवली.

शनिवारी पद्मिनीकाकू आल्या त्याच मुळी चष्मा पुसत. गौरींसमोर बराच वेळ उभ्या राहिल्या. मग काकू वळल्या आणि मंडळाला उद्देशून म्हणाल्या, "नाकं बघून घ्या गं. ह्याला म्हणतात घराणं. हे काही दुकानात मिळत नाही." फक्त एकीच्या कपाळावर पदराखाली टेंगूळ कसलं, एवढंच त्यांना उमजेना. तो पेशवाई अंबाडा आहे, असं वसुधाने सांगून टाकलं. तीन-चार बायकांनी लगेच आपापला अंबाडा चाचपला. एकीने तर तो पुढे ओढून पाहिला.

वसुधा जिंकली होती. मग काकूंनी पिशवीतून एक लालभडक सफरचंद काढलं आणि भक्तिभावाने दोघींच्या मधोमध ठेवलं. दीपाने डोळे मिटून घेतले. तेवढ्यात दारावरची घंटा वाजली.

दारात कुमार उभा होता. हातात बॅग होती. "वहिनी, आल्या एकदाच्या अथेन्सहून," असं म्हणत त्या भल्या माणसाने भर हळदीकुंकवात दोन्ही मुखवटे काढून टीपॉयवर मांडले. पितळेचे, थोडे काळवंडलेले, टपोऱ्या डोळ्यांचे.

"अथेन्सहून?" काकूंनी चष्मा सारखा केला. "म्हणजे ह्या ग्रीक?"

ह्याच मुखवट्यांची वसुधाने लग्नानंतर पहिल्यांदा ओटी भरली होती. खरं सांगायला एक वाक्य पुरलं असतं. तिने काकूंकडे पाहिलं.

"हो," ती म्हणाली. "दीपाच्या शाळेत प्रोजेक्ट आहे ना."

कुमारने तोंड उघडलं. गिरीशने त्याला दंडाला धरून पुरणपोळी खायला स्वयंपाकघरात नेलं. काकूंनी एक मुखवटा उचलून उलटसुलट केला. "तरीच म्हटलं. डोळे कसे वटारलेत बघा. परकं ते परकंच, चेहऱ्यावर तेज म्हणून नाही." मंडळाने माना डोलावल्या. वसुधाही हसली आणि तिला स्वतःची भयंकर लाज वाटली. मुखवटे गराजमध्ये गेले.

गौरींचा फोटो पुण्याला कधीच धाडायचा नाही, असं तिने ठरवलं होतं. गिरीशने तो दुसऱ्याच आठवड्यात, कौतुकाने, रंगीत धाडला. मग सासूबाईंचा ट्रंककॉल आला. फोटो मिळाला, एवढंच त्या म्हणाल्या. आता सगळं कबूल करून मोकळं व्हायचं, असं तिने मनाशी ठरवलं.

"आई, मला जरा सांगायचंय..."

"काही सांगू नकोस, मला दिसतंय की," सासूबाई म्हणाल्या. त्यांचा आवाज भरून आला होता. "दोघी कशा उजळल्यात गं. इथे आमच्या अंधाऱ्या देवघरात काळवंडून गेल्या होत्या बिचाऱ्या. आता परत धाडू नकोस. अमेरिका मानवलीय त्यांना."

फोन ठेवून वसुधा हळदीकुंकू घेऊन गराजमध्ये गेली. गवत कापायच्या यंत्राशेजारी खोक्यावर दोघी बसल्या होत्या. दीपाने त्यांच्या गळ्यात शाळेसाठी पाट्या अडकवल्या होत्या, अथीना आणि अ‍ॅफ्रोडायटी. वसुधाने पाट्या बाजूला करून कुंकू लावलं, कान धरले आणि येत्या शनिवारी तुम्हाला घरात घेते, असा शब्द दिला. मग तिला आठवलं की येत्या शनिवारी पद्मिनीकाकू जेवायला येणार आहेत. तिने पाट्या पुन्हा सरळ केल्या आणि दिवा मालवला.