पडद्याकडे पाठ

मुलांनो, आपले शेजारी बाबीदादा सिनेमा पडद्याकडे पाठ करून बघतात. खुर्ची भिंतीकडे, डोळे मिटलेले, मान डुलते आहे. नायिका विष पिवो नाहीतर घरातून पळून जावो, दादांना पत्ता नसतो. मला म्हणतात, "चित्र काय, कोण पण बघतो, वैनी. कान पायजे!"

हा कान त्यांना मेक्सिकोत मिळाला. मूळचे पूर्णगडचे दादा जन्मभर बोटीवर खलाशी होते. तिकडच्या एका बंदरात, खानावळीत पियानो वाजवणारा फाउस्तिनो त्यांचा दोस्त झाला. हा फाउस्तिनो सिनेमाला संगीत द्यायचा. म्हणजे कसं, तर नायक घोड्यावर चढला की संगीत मोठ्या संगीतकाराचं, घोड्यावरून पडला की आमच्या फाउस्तिनोचं. प्रेतयात्रा, गळकं छप्पर, रिकामी खुर्ची ही सगळी खाती त्याच्याकडे. नाव पडद्यावर यायचं ते प्रेक्षक चपला शोधत असताना. या थोर कारकिर्दीची माहिती जगात फक्त आपल्या आळीला आहे, आणि आळीला ती नको आहे. दादा मासळी घेतानाही तीच सांगतात. कोळीण घासाघीस न करता बांगडे देऊन मोकळी होते.

त्यातली सर्वांत मोठी थाप अशी. गौरीच्या रात्री बायका जे गाणं म्हणत फेर धरतात, ते सिंधूवहिनी, म्हणजे दादांची बायको, घरात कायम गुणगुणत. दादांनी ते खानावळीत म्हणून दाखवलं आणि फाउस्तिनोने म्हणे सिनेमात घातलं! कुठल्या प्रसंगात, ते बघायच्या आत बोट सुटली. वहिनी हयातभर म्हणत, "माझं गाणं मेक्सिकोत? आधी हे बोंबील साफ करा, मग जावा मेक्सिकोला."

त्या गेल्या, त्याला बरीच वर्षं झाली. त्यांचा आवाज कोणी भरून ठेवला नव्हता. तेव्हापासून दादा टीव्हीवर लागेल तो परदेशी सिनेमा ऐकत बसतात. मेक्सिकोचा जुना सिनेमा आपल्या केबलवर कशाला लागेल, हे मी त्यांना सांगितलं. पुष्कळदा सांगितलं.

मागच्या महिन्यात, नील, तू फाउस्तिनोच्या नावावरून तो सिनेमा इंटरनेटवर शोधून पाठवलास. म्हटलं, बरं झालं, एकदाचा निकाल लागेल.

रविवारी दादा इस्त्रीचा सदरा घालून आले आणि शिरस्त्याप्रमाणे खुर्ची भिंतीकडे वळवून बसले. मी चहा, पाणी ठेवलं, लॅपटॉप लावला, विणकाम घेतलं. तासभर घोडे दौडले. मग एक म्हातारा विहिरीवर पाणी ओढू लागला आणि व्हायोलिन सुरू झालं.

चाल गौरीच्या गाण्याची होती. माझी सुई थांबली. तरी म्हटलं, सूर मुळात सातच, जुळले असतील.

पण सिंधूवहिनींना दमा होता. तिसऱ्या ओळीत, शब्दाच्या मधेच, त्या थांबत, श्वास घेत, मग पुढे जात. आळीतली दुसरी कुठलीही बाई तिथे थांबत नसे.

व्हायोलिन तिसऱ्या ओळीत आलं, मधेच थांबलं.

दादांनी पाण्याचा पेला उचलला आणि भिंतीकडे तोंड करूनच, शेजारी कोणाला द्यावा तसा, हात लांब करून धरला. चाल संपेपर्यंत धरून बसले.