भागूजीचं दार

दार हे मानवी संस्कृतीचं पहिलं लक्षण होय आणि ज्याला दार नाही ते घरच नव्हे, असं रावसाहेब आमच्या वाचनालयातल्या व्याख्यानात म्हणाले. विषय होता 'वाढती शहरे'. टाळ्या पडल्या. मला मात्र गिरणीमागच्या वस्तीतला भागूजी आठवला. या हिशेबानं तो सोलापुरातला सर्वांत सुसंस्कृत माणूस ठरत होता. त्याच्याकडे दारच तेवढं होतं.

दार सागवानी, पितळी फुल्यांचं, चौकटीसकट. दुष्काळात आपलं गाव मोडनिंब सोडताना बाकीच्यांनी भांडी-अंथरुणं आणली; यानं बैलगाडीत दार घालून आणलं. त्याच्यामागं चार बांबू रोवून गोणपाट ताणलं, झालं घर. दिवसभर तो गिरणीत कापसाच्या गाठी ओढायचा. निघताना दाराला कुलूप लावायचा. कुत्री गोणपाटाखालून ये-जा करत. माणसांनी मात्र दारानंच यायचं.

मी त्याच गिरणीत कारकून. एकदा घाईत मी फाटक्या गोणपाटातूनच डोकं आत घातलं.

"भाऊसाब, शिकल्याली मानसं तुमी. दारानं या की!"

मी वळसा घालून गेलो, कडी वाजवली.

"कोन हाय?"

"अरे, मीच की. दिसत नाही का?"

"दिसतंय. पन नाव सांगा."

सांगितलं. मगच दार उघडलं.

वस्ती फुगत होती. रोज कुठल्यातरी गावची माणसं डोक्यावर बोचकी घेऊन यायची आणि जागा दिसेल तिथं बसायची. भागूजीच्या दारासमोर नवी झोपडी उभी राहिली, की त्याचा जीव खाली-वर व्हायचा. मग चौघांच्या हातापाया पडून तो दार उपटायचा आणि वस्तीच्या पार कडेला, मोडनिंबच्या रस्त्याकडे तोंड करून पुन्हा रोवायचा. घर मागून यायचं. शेजारची राजक्का विणकरीण हसायची. घरात तेलुगू बोलणारी ही बाई भागूजीची थट्टा मात्र मराठीत करी. "तात्या, असंच सरकत ऱ्हावा. एक दिवस मोडनिंबला पोचतावच!"

एका संध्याकाळी तो चौकटीला तेल चोळत होता. खालच्या अंगाला कुणीतरी विळ्यानं वेडावाकडा बैल कोरला होता. त्याच्या शिंगांतून तो बोट फिरवत होता.

"हे कुणी केलं?"

"आमच्या सोपाननं. ल्हान हुता. दार नासलं म्हून लई मारलं मी त्येला. त्यो गेला ते गेलाच."

"एवढ्यावरून?"

"एवढ्यावरनं." फडकं पुन्हा तेलात बुडवत म्हणाला, "गावाकडं घराच्या भिती पडल्या. त्यो आला, तर लोक सांगत्याल, बा सोलापूरला गेला. पन हितं समदी गोणपाटंच. वळखायचं कशावरनं? बैल दिसला की वळखंल."

सोपान गेला त्याला किती वर्षं झाली, ते मी विचारलं नाही.

पुढच्या थंडीत तापानं भागूजी गेला. सरणाला लाकूड आणायचं कुठून? वस्तीत तर चुली शेणीवर चालत. सगळे दाराकडे बघत उभे राहिले.

"सागवान हाय. चांगलं जळंल," शेवटी एकजण म्हणाला.

"आन् पोरगा आला तर?" राजक्का म्हणाली.

"त्येच्या बाला असाच ठेवायचा का तवर?"

राजक्कानं तोंडाला पदर लावला. मग म्हणाली, "फळ्या घ्या. चौकटीला हात लावू नका. बैल तिच्यावर हाय."

फळ्या नेल्या. सागवान खरोखरच चांगलं जळलं.

चौकट एकटीच रस्त्याकडे तोंड करून उभी राहिली, पण फार दिवस नाही. नातेपुत्याकडचं एक कुटुंब आलं. त्यांनी मागं बांबू रोवले आणि चौकटीला गोणपाटाचा पडदा लावला. वाऱ्यानं उडू नये म्हणून त्याच्या खालच्या टोकावर खिळा मारला. तो नेमका बैलाच्या पोटात बसला आणि बैल गोणपाटाखाली गेला.

त्या जागेला दार नाही. तेव्हा रावसाहेबांच्या मते ते घर नव्हे. आत नऊ माणसं राहतात.